उजव्या खांद्यावरचं जानवं

कारभारी गांगुर्डेशी एकदाही भांडण झालेलं नाही असा माणूस नाशकात शोधायला निघालात तर चपला झिजतील, माणूस सापडायचा नाही. दूधवाला, मीटर बघणारा, शेजारचा निवृत्त मास्तर, सगळ्यांशी त्याची जुंपून झालेली. बायको लताबाई म्हणायची, "ह्यांच्यासंगं चाळीस वर्षं काढली, मला सरकारनं पेन्शन दिली पाहिजे." तेवढं म्हणून ती पुढच्या खोलीत बसायची आणि मागच्या खोलीत पाय ठेवायची नाही.

मागची खोली म्हणजे सातपूर कॉलनीतल्या त्या बैठ्या घरातलं कारभारीचं राज्य. भिंतभर पत्र्याचे गोल डबे, त्यांत जुन्या फिल्मा, आणि सगळ्या खोलीला लोणच्याच्या बरणीसारखा आंबूस वास. फिल्म मरायला लागली की असा वास सुटतो. पंधराव्या वर्षी हा माणूस दिंडोरीकडच्या गावातून तंबूच्या टॉकीजमागं पळाला, जत्रांतून फिरला, मग शहरातल्या एका थिएटरात तीस वर्षं मशीनवर उभा राहिला. थिएटर बंद पडलं, मशीन भंगारात गेलं. कारभारीही त्याच वाटेनं जायचा, पण त्यानं भंगारवाल्याशीच भांडण काढलं आणि त्याच्याकडच्या रिळांचं पोतं घरी उचलून आणलं. तिथून हा धंदा सुरू झाला. बंद पडलेल्या फोटो स्टुडिओंचे माळे, शाळांची अडगळ, सुरगाण्याच्या एका आश्रमशाळेतली पेटी, जिथं जुनी फिल्म असेल तिथं हा हजर. ती आणायची, साफ करायची, स्वतः जोडलेल्या मशीनवरून कॉम्प्युटरात उतरवायची आणि सिनेमा काढणाऱ्यांना द्यायची.

सिनेमावाले त्याला डोळ्यांसमोर नको असायचे. ते यायचे, आत शिरल्या शिरल्या 'वॉव' म्हणायचे आणि फिल्मच्या बरोबर मधोमध बोट लावायचे. एकाला जुन्या दुष्काळाच्या फिल्ममध्ये आभाळात ढग घालून हवे होते. कारभारीनं त्याला रस्त्यापर्यंत पोचवलं आणि सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं सांगितलं, "मी पुसतो. बदलत नाय. बदलायचं असंल तर शेजारी ब्युटी पार्लर हाय!"

तर अशा माणसाच्या दारात मुंबईहून मयुरेश आला. तिशीतला, दाढी राखलेला, बोलताना दोन्ही हात हवेत. पन्नास वर्षांपूर्वी जातीबाहेर लग्न केलेल्या माणसांवर तो माहितीपट करत होता. त्यात मुख्य होती नाशिकरोडकडच्या जेल रोडला राहणारी सरोजिनी पगारे. शहात्तर वर्षांची. पंचवटीतल्या एका तीर्थोपाध्यायांची मुलगी. एकाहत्तर साली तिनं प्रेसमधल्या पगारे नावाच्या कामगाराशी, म्हणजे बौद्ध मुलाशी, लग्न केलं. त्यानंतर महिन्याभरात तिच्या वडिलांनी, अण्णांनी, रामकुंडावर तिचं घटश्राद्ध घातलं, असं ती सांगायची.

"म्हणजे काय, माहितीय ना काका?" मयुरेशनं विचारलं. "जिवंत माणसाला मेलेलं ठरवायचं. तिच्या नावानं पाणी सोडायचं, मातीचा घट फोडायचा, संपलं! आणि ऐका, त्या दिवशी तिथं कॅमेरा होता. मुंबईचा कुणी श्रीमंत यजमान शूटिंग करत होता. फिल्म माहेरच्या घरी असणार. मला ती पाहिजे."

कारभारीनं सगळं ऐकून घेतलं आणि एरवी पाहुण्याला चहा न विचारणाऱ्या त्या माणसानं आतून चहा मागवला. कारभारीही बौद्ध. गावात लहानपणी कुठल्या आळीत पाय टाकायचा नाही हे त्याला कुणी शिकवावं लागलं नव्हतं. आजवर त्यानं इतरांच्या मुंजी आणि सत्कार पुसले होते. ही फिल्म मात्र त्याला स्वतःला हवी होती.

दुसऱ्याच दिवशी तो पंचवटीत गेला. सरोजिनीचा धाकटा भाऊ चिंतामण अजून त्याच गल्लीत राहत होता, सत्तरीचा, उघडाबंब, कपाळाला गंध. कारभारी पायरीवर उभा राहिला. चिंतामण दारात उभा राहिला. 'या' म्हणाला नाही, 'बसा' म्हणाला नाही. भाजीवाल्याला आणि दोन रिक्षांना रस्ता देत कारभारी पाऊण तास त्या पायरीवर बोलत राहिला.

"सरूनं पाठवलंय का तुम्हाला?" चिंतामणनं शेवटी विचारलं.

"पाठवलं असलं तर?"

"तर तिला सांगा, घट-बिट काही झालं नव्हतं. त्या दिवशी यजमानांचं गंगापूजन होतं. पन्नास वर्षं मी हेच सांगतोय. आणि तुम्हाला फिल्म हवी तर घेऊन जा, आमच्याकडे ती दाखवायचं यंत्रही नाही."

तो आत गेला, गंजलेला डबा घेऊन आला आणि कारभारीच्या उघड्या पिशवीत त्यानं तो वरूनच सोडला. धप्पकन. हाताला हात लागू दिला नाही.

लागला असता की नसता, मुद्दाम होतं की म्हातारपणाचा कंटाळा होता, कुणास ठाऊक. पण कारभारीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. रस्ताभर तो स्वतःशी शिव्या घालत आला. घरी येऊन लताबाईला म्हणाला, "गंगापूजन म्हणे! त्याच्या बापाची अब्रू आता माझ्या डब्यात हाय. बघच तू."

फिल्मची हालत वाईट होती. तीन मिनिटांची काळीपांढरी फिल्म, पण सगळीकडे बुरशी. चित्राचा खालचा अर्धा भाग तर बुरशीच्या जाळ्यानं पार झाकलेला. माणसं दिसत होती ती छातीपासून वर. एक उंच पुरुष, बाजूला दोघं, मागं एक बाई, समोर पाणी. कारभारीनं जमेल तेवढी साफ केली, मशीनवर चढवली आणि कच्ची उतरवून घेतली. मयुरेशला फोन केला. चार दिवसांत मयुरेश सरोजिनीबाईंना गाडीत घालून सातपूरला घेऊन आला.

बाई बुटक्या, ताठ, हातात काठी होती पण टेकवत नव्हत्या. कॉम्प्युटरसमोर बसल्या. कारभारीनं फिल्म लावली. वीसेक सेकंद गेले असतील.

"थांबवा."

त्यांनी काठीचं टोक पडद्यावर टेकवलं. एरवी कुणी असं केलं असतं तर कारभारीनं घर डोक्यावर घेतलं असतं. आज त्यानं चित्र तिथंच थांबवलं.

"हे अण्णा. जानवं बघा कुठल्या खांद्यावर आहे."

"उजव्या," मयुरेश म्हणाला.

"देवाच्या कार्याला जानवं डाव्या खांद्यावर असतं. उजव्यावर घेतात ते फक्त पितरांच्या, मेलेल्या माणसाच्या कार्याला. त्याला अपसव्य म्हणतात. आणि हे त्यांच्यापुढे गोल दिसतंय ना बुरशीत, तो घट." बाई मागं रेलल्या. डोळ्यांत टिपूस नाही. उलट चेहऱ्यावर कसलंसं समाधान. "फुलवाली चिमणाबाई घरी येऊन सांगून गेली होती, कॅमेरा लावून घातलं हो तुझं श्राद्ध. चिंतू मला खोटारडी म्हणतो. आता म्हणावं त्याला."

मयुरेशनं टाळी वाजवायची तेवढी बाकी ठेवली. आणि कारभारी? त्याला इतकं बरं वाटलं की त्यानं जाताना बाईंना गाडीपर्यंत सोडलं. संध्याकाळपर्यंत कॉलनीतल्या पाच घरांत बातमी पोचवून आला. गल्लीत जो मास्तर त्याच्याशी बोलत नव्हता, त्यालाही सांगितलं.

मग खरं काम सुरू झालं. तीन मिनिटांच्या फिल्ममध्ये अडीच-तीन हजार चित्रं, आणि एकेका चित्रावरची बुरशी कॉम्प्युटरवर टिपून काढायची. कारभारी सकाळी बसायचा तो दुपारी लताबाईनं थाळी आपटली की उठायचा. पंधरा दिवसांनी चित्राचा खालचा भाग उघडा व्हायला लागला. अगोदर हात आले.

अण्णा पळीनं पाणी सोडत होते. डाव्या हातानं.

कारभारी थबकला. पूजेला डावा हात लावत नाहीत हे कळायला बामणाच्या पोटी जन्मावं लागत नाही. असेल म्हातारा डावखुरा, असं म्हणून त्यानं पुढचं चित्र घेतलं. शेजारचा भटजी फूल वाहत होता. डाव्या हातानं. यजमान अक्षता टाकत होता. तोही डाव्या हातानं. मागं उभ्या बाईचा पदर उजव्या खांद्यावरून गेलेला.

"तिच्यायला," कारभारी म्हणाला, "सगळीच्या सगळी डावखुरी?"

त्यानं डबा उघडला, फिल्म हातात घेतली आणि भिंगाखाली कड बघितली. कडेला आणखी एका फिल्मच्या भोकांची फिकट सावली छापलेली होती. म्हणजे ही कॅमेऱ्यातून निघालेली मूळ फिल्म नव्हतीच. मूळ यजमानानं ठेवली आणि गुरुजींना कॉपी काढून धाडली.

आता यात काय एवढं, असं कुणी म्हणेल. फिल्मला दोन बाजू असतात, एक चकचकीत, एक मंद. मूळ फिल्म चकचकीत बाजूनं पाहिली की चित्र सरळ दिसतं. कॉपी मंद बाजूनं पाहिली की सरळ दिसते. ह्या फिल्मच्या दोन्ही कडांना भोकं, त्यामुळं मशीनवर ती कशीही चढते, मशीन तक्रार करत नाही. घरगुती फिल्मची कॉपी कोण कशाला काढेल, असं धरून कारभारीनं ती मूळ म्हणून चढवली होती. चाळीस वर्षांच्या धंद्यात नवशिक्याची चूक! कड बघायला अर्धं मिनिट लागलं असतं. पण पंचवटीच्या पायरीवरून तो असा तापून आला होता की कड बघायची शुद्धच नव्हती. डावं उजवीकडं गेलं, उजवं डावीकडं.

त्यानं फिल्म उलटून पुन्हा उतरवली. जानवं डाव्या खांद्यावर आलं. बुरशीतला 'घट' साफ केला, तर तो तांब्याचा कलश निघाला, वर नारळ, आंब्याची पानं. आणि शेवटच्या अर्ध्या मिनिटात मागची बाई पुढं येऊन गंगेची ओटी भरत होती. खण, नारळ, तांदूळ. श्राद्धाला ओटी कोण भरतं? गंगापूजन होतं. पायरीवरचा तो म्हातारा खरं बोलला होता.

दोन दिवस कारभारी कुणाशी भांडला नाही. लताबाई घाबरली. शेवटी त्यानं तिला सांगितलं.

"मग उलटीच ऱ्हाऊ द्या ना," ती म्हणाली. "कुणाला कळतंय? त्या लोकांनी आपल्याला काय कमी छळलं?"

"तेच तर मीबी दोन दिवस म्हणतोय," कारभारी म्हणाला आणि डोकं धरून बसला. खोटं कशाला बोला, त्याला ती उलटी फिल्म प्यारी झाली होती. पण ती बाई त्याच्या चुकीकडं काठी रोखून 'हे अण्णा' म्हणाली होती, ते काही कानातून जाईना.

तिसऱ्या दिवशी त्यानं मयुरेशला फोन लावला. मयुरेशनं ऐकलं आणि त्याचा आवाजच बदलला.

"काका, माझा शेवट आहे तो! सगळी फिल्म त्या जानव्यावर उभी आहे."

"मग पाड तिला."

"तुम्ही स्वतः केलेल्या चुकीपायी माझं दोन वर्षांचं काम बुडवताय, कळतंय का? आणि एक पूजा गंगापूजन निघाली म्हणजे घटश्राद्ध कधी झालंच नाही असं कुठं सिद्ध होतं? अन्याय तर झालाच ना त्यांच्यावर? थोडं उलट-सुलट झालं तर काय बिघडतं? मुद्दा खराच आहे!"

"मुद्दा खरा असंल तर खऱ्या फिल्मवर दाखव ना, भाड्या!" कारभारी ओरडला. "माझ्या चुकीवर तुझा मुद्दा नको टांगू."

"मी मुंबईत सगळ्यांना सांगेन, हा माणूस फिल्म उलटी चढवतो. कुणी फिरकणार नाही तुमच्याकडे."

"सांग. खरंच हाय ते. रविवारी बाईंना घेऊन ये, न्हाईतर मी जातो जेल रोडला."

रविवारी मयुरेश कॅमेरा घेऊनच आला, तोंड फुगवून. सरोजिनीबाई खुर्चीत बसल्या. कारभारीनं प्रस्तावना वगैरे काही केली नाही, त्याला ती येतही नव्हती.

"ताई, माझी चूक झाली. मी फिल्म उलटी चढवली होती. त्या दिवशी तुम्ही बघितलं ते आरशातलं होतं. हे सरळ हाय."

बाईंनी पहिल्यांदा पाहिलं. दुसऱ्यांदा लावायला सांगितलं. ओटीपाशी त्यांचा हात तोंडावर गेला.

"आई आहे ती," त्या म्हणाल्या. मग एकदम कारभारीवर उसळल्या, "कुणी सांगितलं होतं तुम्हाला सरळ करायला? हो? कुणी मागितलं होतं? पंधरा दिवस मी सुखानं झोपले! पंचावन्न वर्षं मी जगाला सांगत आले, आता मरताना मला खोटं पाडायला निघालात? तुम्ही आमचे ना?"

"आमचाच हाय म्हणून तर," कारभारीचा आवाज चढला आणि मग खाली आला. "मला बरं वाटलं होतं, ताई. तुमच्या बापाचं जानवं उजव्या खांद्यावर बघून मला लय बरं वाटलं होतं. घरोघर सांगत फिरलो. कड न बघता चढवली ती त्याच्यापायीच. आता काय करू, खोटं पुसून चकचकीत करू?" मग म्हणाला, "आन् एक सांगतो. श्राद्ध घातलं न्हाई म्हणजे तुमचा बाप देवमाणूस होता, असंबी मी म्हणत न्हाई."

"नव्हताच," बाई म्हणाल्या. "जावयाला त्यांनी कधी घरात घेतलं नसतं. माहितीय मला."

मयुरेश पुढं सरकला. "आजी, ऐका माझं. आपण ती आधीची वापरू. तुम्हाला जे वाटलं ते तर खरंच होतं ना? प्रेक्षकाला तुमची वेदना..."

"गप बस," बाई म्हणाल्या.

पडद्यावर फिल्म संपून पांढरा उजेड आला होता. बाई त्याच उजेडाकडं बघत बोलायला लागल्या. आवाज कोरडा, कुणाला सांगताहेत ते कळू नये असा.

"दोनदा चिंतू आला होता. मी दाराला कडी घातली. एकदा अण्णा स्वतः आले. शहात्तर साली, प्रेसच्या क्वार्टरच्या फाटकाशी. उन्हात उभे होते, टोपी हातात धरून. आत आले नसते, पाणीही प्यायले नसते आमच्याकडचं. पण विचारायला तर हवं होतं मी, येता का म्हणून. मी खिडकीतून पाहिलं आणि मुलाला पाठवलं, सांग जा, आई घरात नाही. तो पाच वर्षांचाही नव्हता. त्याला मी सांगून ठेवलं होतं, तुझे आजोबा वारले. ते ह्याच्यासमोर उभे, आणि हा त्यांना सांगतोय, आई घरात नाही. अण्णा त्याच्याकडं बघत राहिले बराच वेळ. मग गेले. चौऱ्याऐंशीला खरे गेले, तेव्हा मी शेजारणीला म्हटलं, माझे वडील कधीच वारले. अंघोळसुद्धा केली नाही."

दारात लताबाई येऊन उभी राहिली होती, मागच्या खोलीच्या आत.

बाई मयुरेशकडं वळल्या. "कॅमेरा आणलायस ना? लाव. सरळ फिल्म दाखव आणि त्याच्यापुढं मला दाखव."

मयुरेशनं कॅमेरा लावला. एरवी हवेत असणारे त्याचे हात आता कॅमेऱ्यावर होते. बाईंनी पदर नीट केला, काठी मांडीवर आडवी घेतली.

"अण्णांनी माझं श्राद्ध घातलं नाही," त्या म्हणाल्या. "मी त्यांचं घातलं. ते तेरा वर्षं जिवंत होते."

मयुरेशनं कॅमेऱ्यामागून डोकं वर काढलं. ओशाळून म्हणाला, "आजी... फोकस गेला होता. परत एकदा म्हणाल का?"

कारभारी ताडकन उठला. त्यानं मयुरेशचा दंड धरला, आता हा त्याला रस्त्यापर्यंत फरफटत नेणार हे लताबाईला दिसलं आणि तीही पुढं धावली.

"सोड त्याला, कारभारी," सरोजिनीबाई म्हणाल्या. "म्हणते मी परत. इतकी वर्षं खोटं रोज म्हणत आले. खरं दोनदा म्हणायला काय झालं?"